ऑलिव्ह थॉमस

ऑलिव्ह थॉमस (२० ऑक्टोबर १८९४ – १० सप्टेंबर १९२०) ही अमेरिकन मूकपटांमधली नटी. सिनेमातलं करिअर जेमतेम चार वर्षांचं, पण तेवढ्यात वीसेक पिक्चर केले. आज नाव निघतं ते मात्र बहुतेक वेळा तिच्या मृत्यूमुळेच, आणि हा तिच्यावर अन्याय आहे.

पेनसिल्व्हेनियातल्या शार्लरॉय गावातली कामगार घरातली मुलगी. सोळाव्या वर्षी लग्न झालं, पिट्सबर्गमध्ये दुकानात कापड विकायची, लग्न मोडलं तशी सरळ न्यूयॉर्क गाठलं. १९१४ मध्ये एका चित्रकाराने भरवलेली शहरातल्या सर्वात सुंदर मुलीची स्पर्धा जिंकली, मग मासिकांची कव्हरं, मग न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे या नाट्यवस्तीत निर्माता झिगफेल्डचे 'फॉलीज' हे झगमगाटी नाचगाण्यांचे शो. १९१६ पासून सिनेमा. त्याच वर्षी नट जॅक पिकफोर्डशी लग्न केलं, म्हणजे त्या काळातली सर्वात मोठी स्टार मेरी पिकफोर्ड हिची ती भावजय झाली, पण पिकफोर्ड नावावर पुढे गेली असं कोणी म्हणू नये म्हणून हे लग्न बराच काळ लपवून ठेवलं होतं.

आधी ट्रायँगल ही चित्रपट कंपनी, मग निर्माता मायरन सेल्झनिककडे. तिथला १९२० चा 'द फ्लॅपर' हे तिचं खरं काम. लेखन फ्रान्सिस मॅरियनचं, दिग्दर्शन ॲलन क्रॉसलंडचं. फ्लोरिडातल्या सुस्त गावातली १६ वर्षांची पोरगी बोर्डिंग शाळेत येते आणि मोठं व्हायची तिला इतकी घाई झालेली असते की चोरांचे भारी कपडे-दागिने हाती लागल्यावर तेच घालून, आपण काय काय जग पाहिलंय अशा थाटात घरी परत जाते. ऑलिव्ह तेव्हा पंचविशीची, तरी ते शाळकरी अवघडलेपण तिने चालण्यात आणि डोळ्यांत असं आणलंय की पाहत राहावं, आणि त्या काळच्या मानाने हातवारे फारच कमी. पुढे विसाच्या दशकात अशा बिनधास्त मुलींच्या, म्हणजेच 'फ्लॅपर'च्या, पिक्चरांची लाटच आली, त्यात हा अगदी सुरुवातीचा.

'द फ्लॅपर' मे महिन्यात लागला आणि सप्टेंबरमध्ये ती नवऱ्याबरोबर पॅरिसला होती. ५ तारखेच्या रात्री, रिट्झ हॉटेलमध्ये, तिच्या पोटात मर्क्युरी बायक्लोराइड गेलं. हे जहाल विष, तेव्हा गुप्तरोगाच्या फोडांना वरून लावायचं औषध म्हणून ते वापरायचे. पाच दिवस दवाखान्यात काढून ती गेली. चौकशीत मृत्यू अपघाती ठरला, तरी पेपरवाल्यांनी आत्महत्या, खून, नशा असं वाट्टेल ते छापलं. पुढच्या वर्षी विनोदी नट आर्बकलवर एका नटीच्या मृत्यूचा आरोप झाला ते प्रकरण गाजलं, त्याच्या आधीचा हॉलिवूडचा हा पहिल्या मोठ्या गाजावाजांपैकी एक. दफन न्यूयॉर्कच्या वुडलॉन दफनभूमीत झालं.

तिचे बरेच पिक्चर नष्ट झालेत. 'द फ्लॅपर' सुदैवाने शाबूत आहे, २००५ मध्ये त्याची डीव्हीडी आली, सोबत तिच्यावरचा माहितीपटही. ऑलिव्ह थॉमसची ओळख करून घ्यायची तर सुरुवात इथूनच करावी, पॅरिसच्या त्या रात्रीपासून नको.