ह्वांग गोंगवांग

ह्वांग गोंगवांग : (१२६९–१३५४). मंगोलांच्या युआन राजवटीच्या काळातील चिनी निसर्गचित्रकार. वू झेन, नी झान आणि वांग मंग यांच्यासह युआन काळातील ‘चार श्रेष्ठां’मध्ये त्याची गणना होते, चौघांत तो वयाने सर्वांत मोठा. जन्म जियांगसू प्रांतातील चांगशूचा, मूळ आडनाव लू. लहानपणीच तो ह्वांग घराण्यात दत्तक गेला. ‘ह्वांगबुवा फार दिवस मुलाची वाट पाहत होते’ अशा अर्थाच्या वाक्यावरून त्याला नाव मिळाले, असे सांगतात.

मंगोल राजवटीत तो कनिष्ठ कारकुनी करीत होता. वरिष्ठावरील खटल्यात गोवला जाऊन त्याला तुरुंगवास घडला. सुटल्यावर त्याने सरकारी नोकरीचा नाद सोडला, भविष्यकथनावर गुजराण केली आणि ताओ मताच्या च्वानझेन पंथाची दीक्षा घेतली. चित्रकलेकडे तो पूर्णपणे वळला तो साधारण पन्नाशीत.

दहाव्या शतकातील दोंग युआन व जुरान हे चित्रकार त्याचे आदर्श. डोंगराच्या उतारांवर तो लांब, सैल, किंचित वळणाचे फटकारे एकमेकांवर चढवतो. विंचरून मोकळा केलेला वाख पसरावा तसे ते दिसतात. कुंचला बराचसा कोरडा, त्यामुळे रेघांमधून कागद डोकावतो आणि डोंगर जड होत नाही. चित्रकलेवरील टिपणांत त्याने सांगितले आहे, की कुंचला पिशवीत जवळ बाळगावा आणि वेगळे झाड दिसले की तिथेच उतरवून घ्यावे.

त्याची सर्वश्रेष्ठ कृती म्हणजे झेजियांगमधील फूचुन नदीकाठच्या डोंगरांचा गुंडाळपट. तो त्याने १३४७ मध्ये, वयाच्या अठ्ठ्याहत्तरीत, वूयोंग या पंथबंधूसाठी सुरू केला. १३५० मध्ये पटावर लिहिलेली नोंद वाचण्यासारखी आहे : आराखडा एका बैठकीत झाला, पण पुढे मन लागेल तेव्हाच हात लावल्यामुळे तीन-चार वर्षांतही काम पुरे झाले नाही. कुणी हा पट बळकावील या धास्तीने वूयोंगने आधीच त्यावर आपले नाव घालून घेतले.

धास्ती अनाठायी नव्हती. पुढे शेन झोउ या चित्रकाराकडून पट नाहीसा झाला. त्याने १४८७ मध्ये आठवणीतून त्याची प्रतिकृती रंगवली. १६५० मध्ये वू होंगयू या संग्राहकाने मरणशय्येवर मूळ पट आपल्यासोबत जावा म्हणून आगीत टाकायला लावला. पुतण्याने दुसरा पट आगीत टाकून हा बाहेर ओढला, तोवर त्याचे दोन तुकडे झाले होते. अठराव्या शतकात च्यानलोंग सम्राटाने एका नकलेलाच अस्सल मानून तिच्यावरच पन्नासहून अधिक नोंदी लिहिल्या. मूळ पट नक्कल ठरला आणि म्हणूनच स्वच्छ राहिला.

सुमारे ५१ सेंमी. लांबीचा लहान तुकडा हांगझोऊच्या झेजियांग प्रांतिक संग्रहालयात आहे, तर सुमारे ६३७ सेंमी.चा मोठा भाग तैपेईच्या राष्ट्रीय राजप्रासाद संग्रहालयात. २०११ मध्ये तैपेईत दोन्ही शेजारी शेजारी मांडले गेले.