शिसपेन्सिलीत शिसं नसतं

'शिसपेन्सिल' हा शब्द आपण इतक्या सहज वापरतो की त्यातली चूक कानाला खटकत नाही. टोक मोडलं की आपण 'शिस तुटलं' म्हणतो. लहान मूल पेन्सिल तोंडात घालतं, तेव्हा 'शिसं पोटात जाईल' या भीतीने ती काढून घेतो. प्रत्यक्षात त्या काळ्या कांडीत शिसं या धातूचा कणही नसतो. ती माती आणि ग्रॅफाइट या खनिजाचं मिश्रण असते आणि ग्रॅफाइट म्हणजे निव्वळ कार्बन. शाळेत कुणाच्या पेन्सिलीचं टोक तळहातात घुसून निळसर ठिपका कायमचा राहिला असेल, तर तो गोंदणासारखा त्वचेत अडकलेला ग्रॅफाइटचा कण आहे. त्यातून शिशाची विषबाधा होत नाही.

ही चूक एकट्या मराठीची नाही. जर्मन भाषेतला पेन्सिलीसाठीचा शब्द शिशावरून आला आहे, अरबीत तिला 'शिशाची लेखणी' म्हणतात आणि इंग्रजीत आतल्या कांडीला आजही शिसंच म्हटलं जातं. इतक्या भाषा एकाच जागी चुकल्या, त्याला कारण आहे.

सोळाव्या शतकात इंग्लंडच्या वायव्येकडच्या डोंगराळ भागात, बॉरोडेल खोऱ्यात, एक काळा, मऊ, हाताला तेलकट लागणारा दगड सापडला. तो इतका शुद्ध आणि घट्ट होता की करवतीने कापून त्याच्या कांड्या पाडता येत. तिथले मेंढपाळ त्याने मेंढ्यांवर खुणा करत आणि त्याला 'वॉड' म्हणत. पुस्तकी जगाला मात्र त्याचं काय करावं ते कळेना. १५६५ साली स्विस निसर्गअभ्यासक कॉनराड गेस्नर याने लाकडात बसवलेल्या अशा लेखणीचं चित्र छापलं आणि आतल्या पदार्थाला 'इंग्लिश अँटिमनी' म्हटलं (अँटिमनी हे शिशाहून वेगळंच मूलद्रव्य). इतरांनी त्याला 'काळं शिसं' म्हटलं. लॅटिनमध्ये शिशाला 'प्लंबम' म्हणतात, त्यावरून 'प्लंबॅगो', म्हणजे शिशासारखं काहीतरी, हे नावही चिकटलं. (चित्रक या औषधी वनस्पतीच्या शास्त्रीय नावातही हाच 'प्लंबॅगो' आहे. तिचाही या खनिजाशी संबंध नाही, शिशाशी नावापुरता आहे.)

या काळ्या दगडाला लवकरच मोठी किंमत आली, पण ती लिहिण्यामुळे नव्हे. तोफगोळे ओतण्याच्या साच्यांना तो आतून फासला की गोळे गुळगुळीत निघत. चोऱ्या इतक्या वाढल्या की १७५२ साली ब्रिटिश संसदेने या खाणींतून काळं शिसं चोरणं गंभीर गुन्हा ठरवणारा कायदा केला. म्हणजे ज्याच्यासाठी कायदा झाला, तो पदार्थ नेमका काय आहे हे त्या वेळी कुणालाच माहीत नव्हतं.

गोंधळ तिहेरी होता. खाणीतून निघणारे तीन करडे, चकचकीत पदार्थ लोक एकाच कुळातले समजत: शिशाचं खरं खनिज गॅलेना, आपलं ग्रॅफाइट आणि मॉलिब्डेनाइट. ग्रीक भाषेत शिशाला 'मॉलिब्डॉस' म्हणतात. त्यावरून आलेलं 'मॉलिब्डेना' हे नाव तिघांनाही सरसकट लावलं जाई. गॅलेना निदान वजनाने ओळखता येतं, कारण ते ग्रॅफाइटच्या तिपटीहून जड असतं. उरलेली दोन मात्र जुळ्या भावंडांसारखी आहेत. दोन्ही मऊ, दोन्ही बोटांना काळं करणारी, दोन्हींनी कागदावर रेघ उठते. पांढऱ्या चिनी मातीवर घासलं तर मॉलिब्डेनाइटची रेघ किंचित हिरवट दिसते, एवढाच डोळ्याला कळणारा फरक.

त्यांना वेगळं केलं स्वीडनमधल्या कार्ल विल्हेल्म शेले या औषधविक्रेत्याने. १७७८ मध्ये त्याने मॉलिब्डेनाइटवर नायट्रिक आम्ल टाकलं आणि त्यातून पांढरी भुकटी मिळवली. ग्रॅफाइटपासून तसं काही मिळालं नाही. पुढच्या वर्षी त्याने ग्रॅफाइट शोऱ्याबरोबर तापवलं, तेव्हा कोळसा जाळल्यावर मिळतो तोच वायू निघाला. आज आपण त्याला कार्बन डायऑक्साइड म्हणतो. काळं शिसं हा कोळशाचा नातेवाईक निघाला. मॉलिब्डेनाइटच्या पांढऱ्या भुकटीतून पुढे नवा धातू मिळाला आणि त्याचं नाव मॉलिब्डेनम पडलं. ज्या धातूचा शिशाशी काहीही संबंध नाही, त्याच्या नावात 'शिसं' कायमचं कोरलं गेलं. मूलद्रव्यांच्या तक्त्यातली ही चूक आता कुणी दुरुस्त करणार नाही.

ग्रॅफाइट मात्र या चुकीतून सुटलं. १७८९ मध्ये जर्मन खनिजशास्त्रज्ञ आब्राहाम गोटलोब वेर्नर याने त्याला नवं नाव दिलं. ते रूपावरून किंवा सापडण्याच्या ठिकाणावरून न देता त्याने कामावरून दिलं. ग्रीक 'ग्राफेइन' म्हणजे लिहिणं, म्हणून ग्रॅफाइट, म्हणजे लिहिणारा दगड. मला हे नाव फार शहाणपणाचं वाटतं. त्या काळी ग्रॅफाइटमधला थोडा लोहाचा अंश पाहून काही रसायनशास्त्रज्ञ त्याला लोह आणि कार्बनचं संयुग मानत होते. वेर्नरने रचनेवरून नाव ठेवलं असतं, तर तेही मॉलिब्डेनमसारखंच चुकीच्या कल्पनेत अडकलं असतं. लिहिणं ही गोष्ट मात्र कुणीही करून पाहावी अशी होती.

'ग्राफेइन'चा मूळ अर्थ ओरखडणं, कोरणं असा आहे. आपल्या 'लिख्' या संस्कृत क्रियापदाच्या मुळाचाही तोच. लेख, लेखणी, रेखा या साऱ्यांच्या मुळाशी टोकदार वस्तूने पृष्ठभागावर ओरखडा काढणं आहे. ताडपत्रावर, मेणाच्या पाटीवर, दगडावर लेखणी कठीण असते आणि पृष्ठभाग मऊ. ग्रॅफाइटमध्ये नेमकं उलटं घडतं. इथे लेखणी मऊ आहे. कागदाचे खरखरीत तंतूच तिला ओरखडतात आणि सुटलेले पापुद्रे आपल्यापाशी ठेवून घेतात. खनिजांचा कठीणपणा मोजण्याच्या मोस मापावर ग्रॅफाइट १ ते २ वर बसतं. आपलं नख अडीचच्या आसपास असतं, म्हणजे नखानेही ते खरवडलं जातं.

हा मऊपणा येतो कुठून? याचं उत्तर १९२४ मध्ये जॉन डेसमंड बर्नाल यांनी क्ष-किरणांच्या साहाय्याने दिलं. ग्रॅफाइटमध्ये कार्बनचे अणू षटकोनांच्या जाळीत बसलेले असतात, मधाच्या पोळ्यासारखे. एका जाळीतल्या शेजारच्या अणूंमधलं अंतर ०.१४२ नॅनोमीटर आहे आणि त्यांची पकड विलक्षण मजबूत आहे. पण एक जाळी आणि तिच्यावरची दुसरी यांच्यात ०.३३५ नॅनोमीटरचं अंतर आहे आणि तिथे फक्त दुबळं आकर्षण आहे. हिशेब केला तर एका मिलिमीटर जाडीत सुमारे ३० लाख थर बसतात. जाळी फाडणं अवघड, पण थर एकमेकांवरून सरकवणं किंवा सोलणं सोपं. लिहिताना आपण हेच सोलणं करत असतो. हिऱ्यात तेच अणू चारही दिशांनी सारख्याच मजबुतीने बांधलेले असतात, म्हणून हिरा काच कापतो आणि ग्रॅफाइट कागदावर झिजतं.

जाळीतला प्रत्येक अणू तीन शेजाऱ्यांशी बांधलेला असतो आणि त्याचा चौथा इलेक्ट्रॉन थरभर फिरायला मोकळा राहतो. त्यामुळे ग्रॅफाइट थरांच्या दिशेने वीज चांगली वाहून नेतं आणि एका थरातून दुसऱ्या थरात, म्हणजे थरांच्या आरपार, त्यामानाने फारच कमी. वीज वाहून नेणारं, घसरणारं आणि प्रचंड तापमानातही न वितळणारं, अशी तिहेरी सोय एकाच पदार्थात क्वचितच मिळते. ड्रिल मशीन किंवा मिक्सर दुरुस्त करणारा 'कार्बन गेलाय' म्हणतो, तेव्हा तो फिरत्या भागाला वीज पोचवणाऱ्या ग्रॅफाइटच्या छोट्या ठोकळ्याबद्दल, म्हणजे 'कार्बन ब्रश'बद्दल, बोलत असतो. पोलादाच्या विद्युतभट्टीत ठिणगी पेटवणारे जाड दांडेही ग्रॅफाइटचेच असतात.

याच कार्बन ब्रशांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर विमानतंत्रज्ञांना कोड्यात टाकलं. जमिनीवर महिनोन्‌महिने टिकणारे ब्रश फार उंचावर उडणाऱ्या विमानांत झपाट्याने झिजून त्यांची भुकटी होऊ लागली. तपासात कळलं की ग्रॅफाइटचा घसरडेपणा केवळ त्याचा स्वतःचा नाही. हवेतली पाण्याची वाफ थरांच्या उघड्या कडांना चिकटून त्यांना शांत ठेवते. उंचावरच्या कोरड्या, विरळ हवेत ही वाफ मिळत नाही, कडा एकमेकींना पकडतात आणि घसरण्याऐवजी घर्षण सुरू होतं. मग निर्वात अवकाशात वंगण म्हणून काय वापरायचं? त्याचं उत्तर आहे मॉलिब्डेनाइट! मॉलिब्डेनम आणि गंधक यांच्या या थरांना वाफेची गरज नसते, उलट ओल त्यांना बाधते. म्हणून उपग्रहांच्या हलत्या भागांना मॉलिब्डेनम डायसल्फाइडचा लेप देतात. शेलेने वेगळी केलेली ही जुळी अशी पुन्हा एकदा वेगळी ठरली, आणि तेही ज्या गुणात ती सर्वांत सारखी दिसत होती त्याच गुणात.

आज आपण वापरतो ती पेन्सिल मात्र युद्धामुळे घडली. १७९० च्या दशकात ब्रिटनशी लढाई सुरू झाल्यावर फ्रान्सला बॉरोडेलचं ग्रॅफाइट मिळेना. तेव्हा निकोला-जाक कॉन्ते याने हलक्या दर्जाच्या ग्रॅफाइटची पूड मातीत मळून, कांड्या करून त्या भट्टीत भाजल्या. १७९५ मध्ये त्याला या पद्धतीचं पेटंट मिळालं. माती जास्त घातली की कांडी कठीण होते आणि रेघ फिकी उमटते, कमी घातली की कांडी मऊ आणि रेघ गडद. पेन्सिलीवरचे 'एच' आणि 'बी' हेच प्रमाण सांगतात.

शुद्धतेचा प्रश्न दुसऱ्या महायुद्धात फार मोठा झाला. अणुभट्टीत न्यूट्रॉनांचा वेग कमी करायला ग्रॅफाइट उत्तम, पण त्यात बोरॉनचा किंचितही अंश असेल तर तो न्यूट्रॉन गिळून टाकतो. जर्मनीत १९४१ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ वाल्टर बोथे यांच्या मोजमापांवरून ग्रॅफाइट निरुपयोगी ठरलं आणि तिथलं संशोधन जड पाण्याकडे (जड हायड्रोजनपासून बनलेल्या पाण्याकडे) वळलं. त्यांच्या नमुन्यातल्या अशुद्धींमुळे हे घडलं असं आज मानलं जातं. अमेरिकेत भौतिकशास्त्रज्ञ लिओ झिलार्ड यांनी बोरॉनमुक्त ग्रॅफाइटचा आग्रह धरला. २ डिसेंबर १९४२ रोजी शिकागोत मानवनिर्मित साखळी प्रक्रिया (एक अणू फुटून निघालेल्या न्यूट्रॉनांनी पुढचे अणू फुटत जाणं) पहिल्यांदा चालू झाली, ती ग्रॅफाइटच्या ठोकळ्यांच्या ५७ थरांच्या ढिगात.

पुन्हा नावाकडे येऊ. १८५९ मध्ये बेंजामिन ब्रॉडी या ब्रिटिश रसायनशास्त्रज्ञाने तीव्र आम्लांनी ग्रॅफाइटचे थर सुटे केले. हाती आलेला पदार्थ इतका वेगळा वाटला की ग्रॅफाइटमधला कार्बन म्हणजे जणू निराळं मूलद्रव्य आहे असं मानून त्याने त्याला 'ग्रॅफॉन' म्हटलं. ते नाव टिकलं नाही. टिकलं ते १९८६ मध्ये हान्स-पेटर बोएम आणि सहकाऱ्यांनी सुचवलेलं 'ग्रॅफीन'. नॅफ्थलीन, अँथ्रासीन या षटकोनी कड्यांच्या संयुगांच्या नावांतला शेवट ग्रॅफाइटच्या आरंभाला जोडून हा शब्द केला आहे. त्याचा अर्थ काटेकोर आहे: एक सुटा थर म्हणजे ग्रॅफीन. थर ठरावीक क्रमाने एकावर एक रचले तरच ते ग्रॅफाइट. 'ग्रॅफाइटचा एक थर' असं म्हणणं शास्त्राच्या भाषेत चूक, कारण ग्रॅफाइट हे नाव रचलेल्या थरांचं आहे.

नाव आधी आलं आणि वस्तू नंतर हाती लागली. २००४ मध्ये मँचेस्टर विद्यापीठात आंद्रे गाइम आणि कोन्स्तान्तिन नोव्होसेलॉव्ह यांनी साध्या चिकटपट्टीने ग्रॅफाइट पुन्हा पुन्हा सोलत एका अणूइतक्या जाडीचे तुकडे मिळवले. २०१० चं भौतिकशास्त्राचं नोबेल त्यांना त्यासाठी मिळालं. चिकटपट्टीने थर सोलणं म्हणजे कागद पेन्सिलीला जे करतो तेच, फक्त जास्त धीराने.

थर सुटतात, तसेच त्यांच्या फटीत पाहुणेही शिरू शकतात. या क्रियेला 'इंटरकलेशन' म्हणतात. हा शब्द पंचांगातला आहे. दोन महिन्यांमध्ये अधिक महिना घालतात, त्यासाठीचा मूळ शब्द हाच. मोबाइलची बॅटरी चार्ज होते तेव्हा लिथियमचे आयन ग्रॅफाइटच्या थरांत असेच शिरतात. थर एकमेकांपासून सुमारे १० टक्के दूर सरकतात आणि पूर्ण भरल्यावर दर सहा कार्बन अणूंमागे एक लिथियम बसतो. राशिद याझामी यांनी १९८० च्या सुमारास दाखवून दिलं की हे येणं-जाणं विजेच्या साहाय्याने उलटसुलट करता येतं. आजच्या बहुतेक लिथियम बॅटऱ्यांचा ऋणाग्र ग्रॅफाइटचाच असतो.

प्रयोगशाळेत काचेच्या खिडकीतून ही क्रिया पाहता येते. चार्जिंग सुरू होतं तेव्हा ग्रॅफाइट काळं असतं. लिथियम शिरू लागलं की ते गडद निळं होतं, पुढे तांबडं, आणि सगळ्या फटी भरल्या की सोनेरी. चार्ज उतरू लागला की सोनेरीवरून तांबडं, निळं होत ते पुन्हा काळं पडतं.