तारेपेक्षा रेल्वे वेगवान होती तेव्हा

२००० साली मुंबईहून सावंतवाडीला सिनेमाची चोरटी नक्कल लवकर कशी पोचली असती, टेलिफोनच्या तारेतून की कोकण रेल्वेने? रेल्वेने. टेलिफोनच्या तारेला जोडलेला ५६ केबीपीएसचा (सेकंदाला ५६ हजार बिट) मोडेम पूर्ण वेगाने चालला, तरी ७०० एमबीची एक सीडी उतरवायला सुमारे २८ तास लागत. शिवाय पावसात लाइन मध्येच तुटायची. रात्रीच्या गाडीने निघालेला चाकरमानी मात्र सीडी घेऊन सकाळी घरात!

पण सिनेमा मुळात एका सीडीत मावला कसा? दोन तासांची डीव्हीडी-दर्जाची दृश्यं जशीच्या तशी साठवली, तर सुमारे ११२ जीबी होतात. म्हणजे १६० पट आकुंचन हवं. पडद्यावरचं बहुतेक चित्र क्षणाक्षणाला बदलत नाही. मागचा डोंगर तसाच राहतो, हलते ती होडी. म्हणून कोडेक, म्हणजे चित्रफीत आकुंचित करणारा प्रोग्रॅम, पूर्ण चित्र अधूनमधूनच ठेवतो आणि एरवी फक्त बदल नोंदवतो. डोळ्याला सहसा न जाणवणारे बारकावे तो टाकून देतो. फ्रान्सच्या जेरोम रोटाने मायक्रोसॉफ्टच्या एमपीईजी-४ कोडेकमध्ये फेरफार करून डिव्हएक्स बनवला, तो याच तत्त्वावर. डीव्हीडीची नक्कल रोखणारं सांकेतिक कुलूप जेमतेम ४० बिटांच्या किल्लीचं, म्हणजे कच्चं होतं. ते उघडणारा डीसीएसएस हा प्रोग्रॅम १९९९च्या ऑक्टोबरात पसरला. कुलूप आणि आकार, दोन्ही अडसर एकाच सुमारास गळले.

उरला वेग. २००१ मध्ये ब्रॅम कोहेनने बिटटोरंट हे फाइली वाटण्याचं तंत्र आणलं, आणि मला यातली सर्वांत देखणी कल्पना हीच वाटते. फाइलचे तुकडे करायचे. ज्याला जो तुकडा मिळाला, तो त्याने इतरांना देत राहायचा. आपल्या रापणीसारखंच, ओढायला हात जितके जास्त तितकं जाळं लवकर किनाऱ्याला. एरवी मागणी वाढली की सर्व्हर धापा टाकतो. इथे मागणारेच पुरवठादार होतात. हे तंत्र स्वतः निर्दोष आहे, कायदेशीर सॉफ्टवेअरही त्यावरून वाटलं जातं.

मार बसला तो सिनेमाच्या पहिल्या आठवड्यांवर, कारण तिकिटांची बरीचशी कमाई तेव्हाच होते. छोट्या मराठी निर्मात्याला ती बुडाली की पुढचा सिनेमाच उभा राहत नाही, आणि ही चोरीच आहे. पण रिळांच्या महागड्या प्रती मोजक्या असत, तालुक्याच्या टॉकीजला नवा सिनेमा उशिरा मिळे, आणि नकलेने तीच फट गाठली. पुढे उपग्रहावरून डिजिटल प्रती येऊ लागल्या, तशी ती फट बुजत गेली. डिजिटल प्रोजेक्टर चित्रात न दिसणारी खूणही मिसळू शकतो: कोणतं यंत्र, कोणती वेळ. पडद्यावरून चोरून टिपलेल्या नकलेतून ती वाचता येते, आणि थिएटर सापडतं.