हेलियम हवेतच आहे, मग आयात कशाला?

‘हेलियम हवेत फुकट मिळतो, आयात हा दलालांचा खेळ’ असा मेसेज फिरतो. हेलियम हवेत असतो हे खरं, पण दहा लाख भागांत जेमतेम 5. आर्गॉन हा दुसरा वायू हवेत 0.93 टक्के, म्हणून तो हवेतून काढणं परवडतं. हेलियमच्या 7 घनमीटरच्या एका सिलिंडरला सुमारे 13 लाख घनमीटर हवा लागेल. विजेचं बिल बघूनच डोळे पांढरे होतील. म्हणून तो कतार, अमेरिकेत नैसर्गिक वायूतून वेगळा करतात.

दलालीचा संशय असेल तर आयातीचा भाव सीमाशुल्काच्या 2804 29 या कोडखाली पाहा (तिथे निऑन, झेनॉनही असतात, तेव्हा मालाचं वर्णन वाचा). मग एकक तपासा: 1 किलो हेलियम म्हणजे 0 अंशाला साधारण 5.6 घनमीटर. किलोचा भाव घनमीटरचा समजला की दर साडेपाचपट फुगलेला दिसतो.