टी-२१ चं किट जोडण्यापूर्वी: दोन आसनी लाकडी ग्लायडरची रचना

आमच्या १:८ प्रमाणातल्या स्लिंग्सबी टी-२१ किटसोबतचं माहितीपत्रक

किट उघडल्यावर ग्राहकांचा पहिला फोन बहुतेक वेळा एकाच गोष्टीसाठी येतो: पंखाच्या पुढच्या कडेचं प्लायवुड तिरकं कापलंय, हे चुकून झालंय का? चुकून झालेलं नाही. जुन्या लाकडी ग्लायडरचं सगळं मर्म त्या तिरक्या कापात आहे, म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

पोस्टकार्डाची एक नळी करा, पण कडा चिकटवू नका. दोन्ही टोकं धरून पिळा. नळी सहज पिळली जाईल. आता कडा चिकटवा, गोंद वाळू द्या आणि पुन्हा पिळून बघा. तोच कागद आता दाद देत नाही. टी-२१ चा पंख असाच आहे. पंखाच्या लांबीभर जाणारी मुख्य तुळई म्हणजे स्पार. उड्डाणात पंख वर वाकू पाहतो तेव्हा स्पारची वरची पट्टी दाबली जाते, खालची ताणली जाते. वाकणं स्पार सांभाळतो, पण पिळणं एकट्याने सांभाळू शकत नाही. म्हणून स्पारपासून पुढच्या कडेला वळसा घालून परत स्पारपर्यंत पातळ प्लाय चिकटवलेलं असतं आणि इंग्रजी डी अक्षरासारखी बंद नळी तयार होते. पिळताना ताण तिरके, साधारण ४५ अंशांत धावतात. प्लायच्या लाकडाचे रेषे त्याच दिशेने ठेवले की तेवढ्याच वजनात पंख जास्त ताठ राहतो. तुकडे वाया जाऊ नयेत म्हणून प्लाय सरळ कापून बसवू नका. नळीचा सांधा कुठेही सुटा राहिला तर ती उघड्या पोस्टकार्डासारखीच वागेल.

स्पारच्या मागे फक्त बरगड्या, म्हणजे पंखाला आकार देणाऱ्या आडव्या पट्ट्या, आणि कापड. तिथे आकार टिकला म्हणजे पुरे, त्यामुळे जास्तीचं लाकूड घालून पंख जड करू नका.

मूळ टी-२१ इंग्लंडमधल्या यॉर्कशायरचं. ते पहिल्यांदा १९४४ मध्ये उडालं. ते बनवणारे फ्रेड स्लिंग्सबी ग्लायडरकडे वळण्याआधी स्कारबरोमध्ये लाकूडकामाचा आणि फर्निचरचा कारखाना चालवत होते. सुतारकामात मुरलेला हा हात प्रत्येक सांध्यात दिसतो, असं आम्हाला मनापासून वाटतं. ब्रिटनच्या हवाई दलाने ते 'सेडबर्ग' या नावाने घेतलं आणि १९८० च्या दशकापर्यंत तिथल्या कॅडेट मुलामुलींनी त्यावर उड्डाणाचे धडे गिरवले. पंखांचा विस्तार १६.४६ मीटर, म्हणजे तुमचं मॉडेल सुमारे २.०६ मीटरचं होईल.

गुरू आणि शिष्य खांद्याला खांदा लावून बसतात, वर छप्पर नाही. एकामागे एक बसवले असते तर धड अरुंद होऊन हवेचा अडथळा कमी झाला असता. पण शेजारी बसलं की शिक्षकाला शिकणाऱ्याचा हात आणि चेहरा दोन्ही दिसतात. इंजिन नाही, वेगही कमी, त्यामुळे साध्या आवाजात बोलता येतं. शिकवण्यासाठी हा सौदा अगदी योग्य होता. आपल्या देशात १९६१ साली उडालेली 'रोहिणी'सुद्धा शेजारी-शेजारी आसनांचीच. हडपसरच्या ग्लायडिंग सेंटरवर जाणं-येणं असलेल्या आमच्या काही ज्येष्ठ ग्राहकांना टी-२१ बघून तिचीच आठवण येते.

धडाच्या तळापासून पंखाकडे जाणारा तिरका दांडा शोभेचा नाही. उडताना तो ताणला जातो आणि पंखाच्या मुळाशी येणारं वाकणं कमी करतो, त्यामुळेच स्पार हलका ठेवता आला. दांड्याच्या दोन्ही टोकांना दिलेल्या पितळी पट्ट्या नुसत्या गोंदावर ठेवू नका, छोटे नट-बोल्ट लावा.

पंखाच्या टोकाकडच्या तीन बरगड्यांखाली पाचरी दिल्या आहेत. त्यांनी टोकाची पुढची कड किंचित खाली पिळलेली राहते. वेग फार कमी झाला की पंखाचं मूळ आधी उचल सोडतं, टोकं काम करत राहतात आणि ग्लायडर एका अंगावर कोसळत नाही. पाचरी दोन्ही बाजूंना सारख्या बसल्या आहेत ना, हे काटकोन्या लावून तपासा. आमच्या स्वतःच्या पहिल्या नमुन्यात डावी पाचर उलटी बसली होती. तो नमुना पहिल्याच फेकीत गरकन फिरून शेतात पडला.

शेवटी हवामानाचं. कोकणात किंवा भर पावसाळ्यात कापडावर डोप (कापड ताणून घट्ट करणारं वार्निशसारखं द्रव्य) लावलात तर हवेतल्या ओलाव्याने तो पांढरा पडतो. कोरडा दिवस बघा. डोप वाळताना कापड आवळतं, म्हणून पंख सपाट फळीवर, पाचरींसकट, वजन ठेवून रात्रभर राहू द्या. एकदम जाड थर देण्यापेक्षा पातळ तीन थर द्या.

कुठल्या सांध्याची शंका आली तर फोटो काढून पाठवा, पण गोंद लावण्याआधी.