विल्यम्सबर्ग: ऑर्गन, बँजो आणि जाहिरातींतले वादक

अमेरिकेतल्या विल्यम्सबर्गच्या जुन्या रस्त्यांवर आज फाइफ (लहान बासरी) आणि ढोल वाजवणारी पथके चालतात. त्यामुळे ब्रिटिश वसाहतकाळातले तिथले संगीत म्हणजे लष्करी कवायत, असा समज होतो. पण १६९९ ते १७८० या काळात व्हर्जिनियाची राजधानी असलेल्या या गावात संगीत मुख्यतः घरात होते. ऐकायचे तर कुणीतरी समोर बसून वाजवायला हवे, दुसरा मार्गच नव्हता.

सधन घरांतल्या मुली हार्पसिकॉर्ड, स्पिनेट ही पियानोसारखी पट्ट्यांची वाद्ये किंवा गिटार शिकत. व्हायोलिन आणि बासरी मात्र पुरुषांची मानली जाई. पुढे अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झालेला, तेव्हा कॉलेजात शिकणारा थॉमस जेफरसन गव्हर्नर फॉकियर यांच्या वाड्यात दर आठवड्याच्या मैफलीत व्हायोलिन घेऊन बसायचा. न्यायालयाची सत्रे भरली की गाव गजबजून जाई आणि नाचाच्या मेजवान्या झडत.

ब्रूटन पॅरिश चर्चमध्ये १७५५ मध्ये ऑर्गन आला. तो वाजवायचा पीटर पेलहॅम. तो चार्ल्स थिओडोर पाखेलबेल या संगीतकाराकडे शिकला होता. एवढी तालीम असूनही नुसत्या संगीतावर त्याचे घर चालेना. तो शिकवण्या करी आणि पुढे गावच्या तुरुंगाचा अधिकारीही झाला. ऑर्गनचा भाता मारायला तो कैद्यालाच सोबत नेई, असे सांगतात.

पण या गावातली निम्म्याच्या आसपास माणसे गुलाम होती, आणि त्यांच्या संगीताशिवाय ही हकिगत अर्धीच राहते. बँजो या तंतुवाद्याचे मूळ रूप आफ्रिकेतून आलेल्या लोकांनी आणले, हे खुद्द जेफरसननेच नोंदवले आहे. गोऱ्यांच्या नाचात फिडलवर (म्हणजे व्हायोलिनवर) गज फिरवणारा वादक अनेकदा गुलाम असे. स्वतःच्या वस्तीत तोच वादक आपल्या माणसांसाठी वाजवी. दक्षिणेकडच्या साउथ कॅरोलायनात १७३९ च्या स्टोनो इथल्या गुलामांच्या उठावात ढोल वाजले, आणि पुढच्याच वर्षी तिथल्या कायद्याने गुलामांना ढोल बाळगण्याची बंदी केली. मालकांना त्या आवाजाची किती धास्ती होती, ते यातून कळते.

पेलहॅमचे नाव चर्चच्या दप्तरात आहे. या गुलाम वादकांचा माग मात्र बहुतेक वेळा ‘व्हर्जिनिया गॅझेट’ या वृत्तपत्रातल्या पळालेल्या गुलामांच्या जाहिरातींत लागतो. उंची, अंगावरचे व्रण, कपडे आणि मग ओळख पटावी म्हणून एक वाक्य: फिडल चांगले वाजवतो. काही जाहिरातींत पुढे असेही छापले आहे की जाताना तो फिडल सोबत घेऊन गेला.