तोफखान्याची ती धावपळ खोटी आहे

तोफखान्याच्या कवायतीची जुनी चित्रफीत पाहिली की गोलंदाज कळसूत्री बाहुल्यांसारखे तुरुतुरु पळताना दिसतात, आणि त्यावरून ‘तेव्हाचे कॅमेरेच असे होते’ हा समज पिढ्यान् पिढ्या चालत आला आहे. यात दोष कॅमेऱ्याचा नाही.

चलचित्राच्या आद्य प्रवर्तकांपैकी असलेल्या फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंचे छायाचित्रकार आलेक्सांद्र प्रोमिओ यांनी १८९६ साली स्पेनमध्ये तोफखान्याचा सराव टिपला, तो हाताने दांडा फिरवून. दांड्याच्या एका फेऱ्यात फितीवरच्या आठ चौकटी (म्हणजे एकेक स्थिर चित्र, फ्रेम) पुढे सरकत आणि सेकंदाला साधारण दोन फेरे होत, म्हणजे सुमारे १६ चौकटी. दाखवतानाही हातानेच, जवळपास त्याच गतीने दांडा फिरवत असल्यामुळे पडद्यावरची माणसे माणसांसारखीच चालत. (त्याच वर्षी ७ जुलैला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएरचा खेळ झाला, तोही अशाच यंत्रावर.)

पुढे बोलपटांसाठी सेकंदाला २४ चौकटी हे प्रमाण ठरले आणि जुन्या फिती बिनदिक्कत त्याच वेगाने चालवल्या गेल्या. साहजिकच पन्नास सेकंदांची कवायत तेहतीस सेकंदांत उरकते, घोडे दुडक्या चालीऐवजी भरधाव सुटल्यासारखे वाटतात आणि तोफेच्या तोंडचा धूर फुटण्याआधीच विरतो. धुराकडे अवश्य पाहावे, कारण माणूस घाई करू शकतो, धूर करत नाही. त्या काळच्या मैदानी तोफा बार उडताच गाड्यासकट मागे रेटल्या जात आणि गोलंदाज त्या ढकलून पुन्हा जागेवर आणत. हे जड, घामाघूम करणारे काम वाढीव वेगात निव्वळ विनोदी दिसते.